वीरगळ

गावाबाहेरच्या देवळापाशी भिंतीला टेकवलेला, कमरेएवढा, शेंदराने माखलेला दगड बहुतेकांनी पाहिलेला असतो. त्याचं नाव वीरगळ. ‘वीर’ कळतो, ‘गळ’ मात्र चकवतो. मासे धरायच्या गळाशी किंवा गळ्याशी त्याचा काही संबंध नाही. हा शब्द कानडीतून आला. कानडीत ‘कल्लु’ म्हणजे दगड. ‘वीर’ला जोडताना ‘क’चा ‘ग’ होतो आणि ‘वीरगल्लु’ तयार होतो. मराठीने शेवटचा उकार टाकला, ‘ल’चा ‘ळ’ केला आणि शब्द आपलासा केला. तमिळमध्येही दगड ‘कल्’च. गधेगाळ या दुसऱ्या एका कोरीव दगडाच्या नावातला ‘गाळ’ मात्र अनेक अभ्यासक शिवी या अर्थाचा मानतात, कारण त्या दगडावर दान मोडणाऱ्याला दिलेला शाप असतो.

वीरगळ खालून वर वाचायचा. तळाशी लढाई किंवा पडलेला वीर. शेजारी गाई कोरल्या असतील, तर तो गोधन राखताना मेला असं समजावं. मधे अप्सरा त्याला स्वर्गात नेतात. वर तो शिवलिंगाची पूजा करतो आणि माथ्यावर चंद्र-सूर्य, म्हणजे ते असेतो कीर्ती राहील. मुंबईत बोरिवलीजवळच्या एकसरच्या वीरगळांवर तर वल्ह्यांच्या युद्धनौकाच कोरल्या आहेत. मला हे दगड ताम्रपटांहून मोलाचे वाटतात. ताम्रपटात राजा बोलतो. इथे बहुधा नावही न उरलेला गावचा माणूस उभा आहे.

तुमच्या गावात असा दगड असेल तर त्याला ऑइलपेंट लावू देऊ नका.