शून्याचा राखणदार

पनवेल सोडून गोव्याच्या वाटेस लागलेल्या प्रवाशास थोड्याच अंतरावर कर्नाळ्याचा सुळका दिसूं लागतो. गडाचा तट ढांसळला, दरवाजे गेले, शिबंदी केव्हांच पांगली. परंतु आंगठ्यासारखा तो सुळका मात्र एकटाच वाटेवर नजर ठेवून उभा आहे. आम्ही पनवेलकर या वाटेच्या तोंडाशींच राहतों. मुंबईहून गोव्याकडे निघालेला मोठा रस्ता येथूनच कोंकणांत उतरतो, आणि कोंकण रेल्वेच्या गाड्याही येथें थांबूनच पुढें जातात. गोव्याहून परतणारीं माणसें आमच्याकडे काजूगर आणतात, मंगेशी-शांतादुर्गेचा प्रसाद आणतात, तिकडच्या गाण्याबजावण्याच्या गोष्टीही आणतात. फुटबॉलची गोष्ट मात्र क्वचितच कोणी आणतो. आणि ज्या गोंयकारानें भारताच्या गोलाची राखण केली, त्याचें नांव तर आमच्या सुशिक्षित घरांत दहांपैकीं नऊ जणांस ठाऊक नसतें. हें नांव म्हणजे ब्रह्मानंद शंखवाळकर. त्यांच्या निमित्तानें गोलरक्षक या उपेक्षित अधिकाऱ्याविषयीं चार शब्द लिहावे, असें आम्हीं योजिलें आहे.

अधिकारी हा शब्द आम्ही जाणूनबुजून वापरतों. जुन्या गांवगाड्यांत वेसकर नांवाचा एक इसम असे. सूर्य मावळल्यावर वेस लावावयाची, परका माणूस आला तर त्याला हटकावयाचें आणि रात्रभर जागें राहावयाचें, हें त्याचें काम. ज्या रात्रीं त्यानें आपलें काम चोख केलें, त्या रात्रीं गांवांत कांहींच घडलें नाहीं. आणि जें घडलें नाहीं, त्याची नोंद कोणता बखरकार करणार? बखरींत वेसकर येतो तो वेस फुटल्याच्या रात्रींच. गोलरक्षकाचें प्राक्तन हुबेहूब असेंच आहे. गोल करणाऱ्याचें कर्तृत्व आंकड्यांत उमटतें, दुसऱ्या दिवशींच्या वर्तमानपत्रांत त्याचें नांव छापून येतें. गोल न होऊं देणाऱ्याच्या वांट्यास एक शून्य येतें, आणि शून्याखालीं सही करण्याची चाल आमच्यांत नाहीं.

खेळाच्या इतिहासांतही हा अधिकारी उशिराच आला. इंग्लंडांतील फुटबॉलच्या मंडळानें १८६३ सालीं पहिले नियम केले, त्यांत गोलरक्षकाचा उल्लेखच नव्हता. हातानें चेंडू अडविण्याचा हक्क असलेला एक निराळा खेळाडू १८७१ सालीं नियमांत अवतरला. पुढें कांहीं वर्षें त्याला आपल्या अर्ध्या मैदानांत कोठेंही चेंडू हातीं धरतां येई. १९१२ सालीं हा हक्क गोलापुढील चौकटीपुरताच उरला. १९९२ सालीं आणखी एक लगाम आला. आपल्याच गड्यानें पायानें मुद्दाम मागें दिलेला चेंडू हातांत घेण्याची त्यास मनाई झाली. म्हणजे ज्याच्या हातांवर साऱ्या संघाची भिस्त, त्याचे हात शतकभर हळूहळू बांधले जात आले आहेत. याहून मौजेची गोष्ट पेनल्टीची. गोलापासून अवघ्या छत्तीस फुटांवर चेंडू ठेवून एकट्या गोलरक्षकास एकट्या मारेकऱ्यासमोर उभें करणारी ही शिक्षा १८९१ सालीं नियमांत आली. ती सुचविणारा विल्यम मॅक्रम नांवाचा आयर्लंडमधील गृहस्थ स्वतःच गोलरक्षक होता! आपल्या जातभाईंवर एवढें संकट कोणा परक्यानेंही आणलें नसतें.

या संकटाचें माप वाचकांनीं एकदां काढून पाहावें. गोलाची रुंदी चोवीस फूट आणि उंची आठ फूट. म्हणजे एकशें ब्याण्णव चौरस फुटांचें उघडें दार. जोरानें मारलेला चेंडू ताशीं साठ मैलांच्या वेगानें आला, तर ते छत्तीस फूट तो सेकंदाच्या अर्ध्यापेक्षांही कमी वेळांत तोडतो. एवढ्या अवधींत पाहणें, ठरविणें आणि झेंप घेणें या तीन क्रिया करणें मनुष्यास जवळजवळ अशक्यच. म्हणून चांगला गोलरक्षक चेंडू पाहून नव्हे, तर मारणाऱ्याची कंबर, त्याचा टेकलेला पाय आणि त्याच्या धांवेचा कोन पाहून अगोदरच निर्णय करतो. आमच्याकडील आट्यापाट्यांत पाटी धरणारा गडी समोरच्याच्या हुलकावणीस न भुलतां त्याच्या खांद्याकडे लक्ष ठेवतो, तीच ही विद्या.

आतां गोव्याकडे वळूं. गोव्यांत फुटबॉल आणला तो पोर्तुगीजांनीं नव्हे. १८८३ सालीं प्रकृति सुधारण्यासाठीं शिवोली येथें येऊन राहिलेल्या विल्यम रॉबर्ट लायन्स नांवाच्या ब्रिटिश पाद्र्यानें तेथील मुलांस हा खेळ शिकविला, असें सांगतात. खेळ मात्र पुढें देवालय, शाळा आणि भातशेत या तिन्हींच्या आधारानें वाढला. कापणी झाली कीं खाचरें मोकळीं होत, आणि ज्या मातींत पावसाळ्यांत भात, तिच्यांतच उन्हाळ्यांत फुटबॉल. पुढें संघ उभे राहिले. १९५१ सालीं वास्को, १९५६ सालीं साळगांवकर. खाणींच्या धंद्यांत पैसा आला आणि तो मिळविणाऱ्या कांहीं घराण्यांनीं खेळाडूंस आश्रय दिला. १९६१ सालीं गोवा मुक्त झाल्यावर या संघांस भारताचीं सारीं मैदानें खुलीं झालीं. मुंबईच्या कूपरेजवर, १८९१ सालीं सुरू झालेल्या रोव्हर्स चषकासाठीं, कलकत्ता व हैदराबाद येथील नामांकित संघांशीं त्यांची गांठ पडूं लागली.

याच काळांत शंखवाळकर घडले. त्यांचा जन्म १९५४ सालचा. गोवा मुक्त झाला तेव्हां ते सात वर्षांचे होते. म्हणजे मुक्त गोव्यांत शाळा शिकलेल्या पहिल्या पिढीचे ते प्रतिनिधि. साळगांवकर संघाचें गोलरक्षण त्यांनीं वर्षानुवर्षें केलें, आणि पुढें भारताच्या संघाचें नेतृत्वही १९८३ पासून १९८६ पर्यंत त्यांच्याकडे होतें. गोलरक्षकास नायक करण्यांत एक अडचण आहे. मैदानाच्या एका टोंकास उभा असल्यामुळें दुसऱ्या टोंकास काय चाललें आहे, त्यांत त्याला हात घालतां येत नाहीं. पण एक सोयही आहे. सारा खेळ त्याच्या डोळ्यांसमोर पसरलेला असतो. दहा जणांच्या पाठी पाहूं शकणारा संघांत तो एकटाच. म्हणून हांक देणें, सावध करणें, फळी डावी-उजवीकडे सरकविणें हें काम त्याच्याइतकें दुसऱ्यास साधत नाहीं.

त्यांच्या कारकीर्दींतील ज्या प्रसंगापाशीं आम्हांस विशेष थांबावेंसें वाटतें, तो संतोष चषकाचा. १९४१ पासून चालत आलेली ही प्रांताप्रांतांतील स्पर्धा, आणि तींत बंगालचें वर्चस्व इतकें कीं इतरांनीं दुसऱ्या क्रमांकासाठींच खेळावें, असा जणूं संकेत पडलेला. १९८३ सालीं अंतिम सामना झाला तो कलकत्त्यास, खुद्द बंगालच्या अंगणांत, बंगाल आणि गोवा यांच्यामध्यें. १९८१ च्या शिरगणतींत पश्चिम बंगालची लोकसंख्या साडेपांच कोटींच्या घरांत आणि गोव्याची सुमारें दहा लाख. एकास पन्नासांहून अधिक, असा हा सामना. सामना संपला तेव्हां गोल नाहीं. पुन्हां खेळविला, पुन्हां गोल नाहीं. शेवटीं चषक दोघांस वांटून द्यावा लागला. पुढील वर्षीं मद्रासला गोव्यानें पंजाबवर एका गोलानें मात करून तो एकट्यानें मिळविला. म्हणजे तीन अंतिम लढतींत गोव्याविरुद्ध एकही गोल नाहीं, आणि गोव्याचा स्वतःचा गोल अवघा एक! मोठे विजय कांहीं वेळां किती थोड्या भांडवलावर उभे असतात, याचें याहून चांगलें उदाहरण आमच्या पाहण्यांत नाहीं. या वर्षांतील गोव्याच्या दाराशीं शंखवाळकर उभे होते.

येथें कोणी आक्षेप घेईल, कीं शून्याचें श्रेय एकट्या गोलरक्षकास देणें अन्यायाचें आहे. त्याच्यापुढें बचावाची सारी फळी असते, आणि उत्तम फळीमागें उभ्या असलेल्या गोलरक्षकास कित्येकदां चेंडूचा स्पर्शही होत नाहीं. आक्षेप खरा आहे, आणि आम्ही तो मान्य करतों. परंतु मग हाच न्याय उलट बाजूसही लावला पाहिजे. गोल झाला तर दोष मात्र एकट्याचा, हें कसें? १९५० सालीं ब्राझील देशांत जगज्जेतेपदाचा निर्णायक सामना झाला, त्यांत उरुग्वेच्या खेळाडूनें मारलेला दुसरा गोल ब्राझीलचा गोलरक्षक बार्बोसा यास अडवितां आला नाहीं. अकरा जण हरले, पण पुढील अर्धें शतक, २००० सालीं मरेपर्यंत, लोकांनीं तो पराभव त्या एकट्याच्या नांवावर मांडला. श्रेय सामाईक आणि अपश्रेय खाजगी, हा हिशेब कोणत्याही पेढीवर चालला नसता.

कांहीं देशांनीं हा हिशेब थोडाफार दुरुस्त केला आहे. युरोपांतील सर्वश्रेष्ठ खेळाडूचा सोनेरी चेंडू १९६३ सालीं रशियाच्या लेव्ह याशिन यांस मिळाला. आजवर तो मिळविणारे गोलरक्षक तेच एक. दक्षिण आफ्रिका वर्णभेदाच्या पापामुळें कित्येक वर्षें जागतिक फुटबॉलच्या बाहेर होती आणि १९९२ सालीं परत आली. त्याच वर्षीं जन्मलेल्या रॉन्वेन विल्यम्स या तिच्या गोलरक्षकानें २०२४ च्या फेब्रुवारींत आफ्रिका खंडाच्या स्पर्धेंत केप व्हर्डेविरुद्ध निर्णायक पेनल्टींच्या वेळीं चार मारे अडविले. त्याच्या देशानें त्याला डोक्यावर घेतलें. मात्र त्याची कीर्ति झाली तीही पेनल्टींमुळें, म्हणजे राखण डोळ्यांस दिसली म्हणून. सामन्यांतील नव्वद मिनिटें जी राखण दिसत नाहीं, तिची कीर्ति तेथेंही व्हावयाची आहे.

आमच्याकडे शंखवाळकरांस १९९७ सालीं अर्जुन पुरस्कार मिळाला. तो मिळविणारे गोव्याचे ते पहिलेच फुटबॉलपटु. २०२२ सालीं पद्मश्री मिळाली. ज्या साळगांवकर संघासाठीं ते खेळले, त्यानें १९८८ व १९८९ अशीं लागोपाठ दोन वर्षें फेडरेशन चषक जिंकला, आणि हा मान गोव्यांत पहिल्यानें आणला. तेव्हां सरकारनें उपेक्षा केली, असें म्हणतां येणार नाहीं. उशीर केला, एवढेंच म्हणतां येईल. उपेक्षा केली ती आम्हीं, मराठी वाचणाऱ्या मध्यमवर्गानें. आम्हांस क्रिकेटावांचून दुसरा खेळ दिसला नाहीं. आणि क्रिकेटांतही यष्टीमागें वांकून बसलेल्या माणसाकडे आम्हीं कितीसें पाहिलें? मुंबईच्या नरेन ताम्हाणे यांनीं एकवीस कसोटींत एक्कावन्न बळी टिपले, परंतु त्याच काळांतील फलंदाजांच्या धांवा पाठ असलेल्या गृहस्थांसही हा आंकडा सांगतां येणार नाहीं.

या वृत्तीचें मूळ आमच्या अंगणांत आहे. मुलें फुटबॉल खेळावयास जमलीं कीं गोलांत कोणास उभें करतात? जो उशिरा आला, जो स्थूल आहे, ज्यास धांवतां येत नाहीं, त्या लिंबूटिंबूस. कित्येक संध्याकाळीं आमच्या घरासमोर आम्हीं हेंच पाहिलें आहे, आणि आपल्याच घरांतील लहानग्यास त्या दोन दगडांमध्यें उभा असलेला पाहून 'तूं तरी एखादा गोल कर कीं रे' असें म्हटलेंही आहे. त्यानें त्या संध्याकाळीं किती चेंडू अडविले, हें विचारावयाचें आम्हांस सुचलें नाहीं. आज शंखवाळकरांविषयीं लिहितांना त्या प्रश्नाची आठवण होते आणि थोडी लाजही वाटते.

घरांतील पुष्कळशी राखण याच जातीची असते. दाराची कडी रात्रीं पुन्हां एकदां पाहणारी आजी, महिनाअखेरीपर्यंत खर्चाची तोंडमिळवणी करणारी गृहिणी, गाडी वेळेवर जाईपर्यंत जागा राहणारा सांधेवाला यांच्या कामाची निष्पत्ति एकच, कीं कांहीं वाईट घडलें नाहीं. यांचा इतिहास लिहावयाचा तर घडलेल्या गोष्टींची यादी पुरत नाहीं. काय घडूं शकलें असतें, याचाही अदमास बांधावा लागतो. काम कठीण आहे, पण अशक्य नाहीं. गोव्यांत १९८३ चा तो संघ पाहिलेलीं माणसें अजून आहेत. घरोघरीं पेट्यांत पिवळीं पडलेलीं कात्रणें असतील. कोणता चेंडू कसा अडला, कोणी कोणास हांक दिली, हें त्यांच्या तोंडून लिहून घेणारा कोणी निघाला पाहिजे. निकालाच्या कोष्टकांत तें सांपडणार नाहीं. तेथें दोन शून्यें आहेत आणि मधें एक रेघ.

पनवेलहून नव्या मुंबईचें नेरूळ फार दूर नाहीं. तेथील मैदानावर २०२२ च्या ऑक्टोबरांत सतरा वर्षांखालील मुलींच्या जागतिक स्पर्धेचा अंतिम सामना झाला आणि एकाच गोलानें निकाल लागला. जगाचा फुटबॉल आतां आमच्या दाराशीं आला आहे. तेव्हां पुढच्या खेपेस गोव्याहून येणाऱ्या पाहुण्यास काजूगरांबरोबर दोन गोष्टी याही आणावयास सांगाव्या. आणि अंगणांतील खेळ आटोपून लहानगा घरांत आला कीं आधीं विचारावें, 'आज किती अडविलेस?'