स्थलांतरित मजूर कोण? तुमसरच्या खाणी आणि कायद्याची व्याख्या

स्थलांतरावर सिनॉप्सिस लिहायला घेतला की पहिला प्रश्न बहुतेक असा येतो: "जिल्ह्यात बाहेरून आलेले मजूर किती, याचा डेटा कुठे मिळेल?" प्रश्न योग्यच आहे. पण त्याआधी एक प्रश्न विचारायला हवा. सरकारच्या लेखी स्थलांतरित मजूर म्हणजे नेमकं कोण?

मी मूळची विज्ञान शाखेची. प्रयोगशाळेत उपकरण हातात देण्याआधी ते काय मोजतं आणि काय मोजूच शकत नाही, हे शिकवतात. कायद्यातली व्याख्या हेसुद्धा असंच एक उपकरण आहे. भंडारा जिल्ह्याच्या उदाहरणातून ते समजून घेऊ.

माणूस तिथेच, सीमा हलली

तुमसर तालुक्यात चिखला आणि डोंगरी बुजुर्ग इथे मॅंगनीजच्या खाणी आहेत. हा खनिजपट्टा एका जिल्ह्यात मावत नाही. एका बाजूला तो नागपूर जिल्ह्यात जातो, दुसऱ्या बाजूला बालाघाटमध्ये. तुमसर रोडहून निघणारा रेल्वेचा फाटा बालाघाट जिल्ह्यातल्या तिरोडीला पोचतो. या पट्ट्यातल्या अनेक खाणी सेंट्रल प्रॉव्हिन्सेस मॅंगनीज ओअर या ब्रिटिश कंपनीकडे होत्या. १९६२ साली या कंपनीशी भारत सरकारचा करार झाला आणि त्यातून आजची 'मॉइल' उभी राहिली.

आता बालाघाटकडच्या गावातून तुमसरच्या खाणीवर येणारा एक मजूर डोळ्यांसमोर आणा. ३१ ऑक्टोबर १९५६ पर्यंत भंडारा, नागपूर, बालाघाट, दुर्ग, रायपूर हे सगळे जिल्हे एकाच राज्यात होते. आधी त्याचं नाव मध्य प्रांत, मग मध्य प्रदेश, आणि राजधानी नागपूर. म्हणजे हा मजूर आपल्याच राज्यात कामाला जात होता. दुसऱ्या दिवशी, १ नोव्हेंबरला, राज्य पुनर्रचना अमलात आली. विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि १ मे १९६० पासून महाराष्ट्रात. गाव तेच, खाण तीच, वाट तीच. पण मजूर परराज्यातला झाला!

उलट बाजूही बघा. सिंधुदुर्गातून अख्खा महाराष्ट्र ओलांडून कोणी भंडाऱ्यात कामाला आलं, तर ते स्थलांतर राज्यांतर्गत. शेजारच्या बालाघाटमधून आलेला मात्र आंतरराज्य. भाषा, अंतर, घरापासून तुटलेपण यातलं काहीच ही व्याख्या मोजत नाही. ती फक्त राज्याची सीमा मोजते.

कायद्याची नजर दलालावर

परदेशातून येणाऱ्यांसाठी सरकारकडे व्हिसा असतो. देशांतर्गत तसं काही करता येत नाही, कारण संविधानाच्या अनुच्छेद १९ ने नागरिकाला देशात कुठेही फिरण्याचा आणि राहण्याचा हक्क दिला आहे. मग सरकार नियंत्रण कोणावर ठेवणार? मजूर नेणाऱ्यावर. ही सवय स्वातंत्र्याआधीची आहे.

मध्य प्रांतातून, विशेषतः छत्तीसगडकडून, आसामच्या चहामळ्यांसाठी मजूर भरती होत असे. भरतीच्या दलालांविरुद्ध फसवणुकीच्या आणि बळजबरीच्या तक्रारी वाढल्या, आणि एकामागून एक कायदे आले. १९०१ चा आसाम मजूर व स्थलांतर कायदा त्यातलाच. पुढे व्हिटली यांच्या अध्यक्षतेखालच्या शाही कामगार आयोगाने १९३१ मध्ये अहवाल दिला आणि १९३२ साली चहामळ्यांतल्या स्थलांतरित मजुरांसाठी नवा कायदा झाला. तीन वर्षांनंतर मळेवाल्याच्या खर्चाने गावी परतण्याचा हक्क त्याने मजुराला दिला. हक्क मोठा होता, पण तो चहामळ्यांसाठी नेलेल्या मजुरापुरता. पोट भरायला स्वतःच्या पायांनी खाणीवर गेलेला माणूस या चौकटीत कुठेच नव्हता.

हीच चौकट स्वतंत्र भारतातही टिकली. ओडिशात 'दादन' म्हणजे उचल देऊन दूरच्या बांधकामांवर मजूर नेण्याची पद्धत होती. तिच्याविरुद्ध त्या राज्याने १९७५ साली कायदा केला. त्याच धर्तीवर १९७९ चा आंतरराज्य स्थलांतरित कामगार कायदा संसदेने केला. मजुराला प्रवासभत्ता, कामावरच्या काळात निवारा आणि औषधोपचार, शिवाय विस्थापन भत्ता: महिन्याच्या मजुरीच्या निम्मा किंवा ७५ रुपये, यातलं जे जास्त असेल ते. कागदावर हे चांगलंच होतं. पण लागू कोणाला? एका राज्यात ठेकेदारामार्फत भरती होऊन दुसऱ्या राज्यात कामाला गेलेल्याला, आणि तेही अशा किमान पाच मजुरांची आस्थापना किंवा ठेकेदार असेल तरच.

आता हे उपकरण आजच्या पूर्व विदर्भावर लावून बघा. धान निघालं की शिवारातलं काम आटोपतं. मग कोणी विटभट्टीवर जातं, कोणी नागपूरला बांधकामावर, कोणी मिरची तोडायला तेलंगणात. मुकादमाने नागपूरला नेलेला मजूर या कायद्याबाहेर, कारण राज्य बदललं नाही. नातेवाइकांसोबत आपणहून तेलंगणात गेलेलं कुटुंबही बाहेर, कारण ठेकेदार नाही. घर मात्र दोघांनीही महिनोन्महिने सोडलेलं असतं.

२०२० साली काय दिसलं

२५ मार्च २०२० पासून टाळेबंदी लागली. भंडारा, लाखनी, साकोलीवरून जाणारा राष्ट्रीय महामार्ग पुढे छत्तीसगडला आणि ओडिशाकडे जातो. त्या रस्त्याने चालत, मिळेल त्या ट्रकने माणसं गावी निघाली. देशभरात १ कोटीहून अधिक मजूर परतल्याचं केंद्र सरकारने त्या सप्टेंबरमध्ये संसदेत सांगितलं. वाटेत किती जण मरण पावले, याची आकडेवारी नाही, हेही त्याच अधिवेशनात सांगितलं. जी माणसं नोंदीत कधी आलीच नव्हती, त्यांच्या मृत्यूची नोंद तरी कुठे सापडणार?

त्याच अधिवेशनात नवी व्यावसायिक सुरक्षा संहिता मंजूर झाली. ती २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू आहे. तिच्या व्याख्येत ठेकेदाराशिवाय आपणहून आलेला मजूरही येतो, हा मोठा बदल. पण मजुरांची किमान संख्या पाचावरून दहा झाली आणि विस्थापन भत्ता गेला. राज्यातल्या राज्यात जाणारा अजूनही बाहेरच आहे. एक दार उघडलं, दुसरं अरुंद झालं.

तुमच्या संशोधनासाठी

आकडा वापरण्याआधी तीन गोष्टी तपासा.

पहिली, सीमा. १९०१ च्या जनगणनेतला भंडारा आणि आजचा भंडारा एक नाहीत. गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी वेगळा झाला. १९९१ आणि २०११ चे आकडे थेट शेजारी ठेवले, तर जिल्ह्यातून लाखो माणसं निघून गेली असंच वाटेल.

दुसरी, निकष. जुन्या जनगणना जन्मस्थान विचारत. आधीचं राहण्याचं ठिकाण हा प्रश्न १९७१ पासून आला. आणि जनगणनेत स्थलांतरित स्त्रियांची मोठी संख्या दिसली, तर लगेच मजुरीशी जोडू नका. त्यात लग्न होऊन सासरी आलेल्या असंख्य बाया असतात.

तिसरी, काळ. राष्ट्रीय नमुना पाहणीच्या ६४ व्या फेरीने (२००७-०८) अल्पकालीन स्थलांतर म्हणजे वर्षभरात कामासाठी एक महिना ते सहा महिन्यांपेक्षा कमी काळ बाहेर राहणं, असं धरलं. विटभट्टीचा हंगाम सात महिने चालला, तर ते कुटुंब या खान्यातून निसटतं.

थोडक्यात, कमी आकडा दिसला की "इथे स्थलांतर कमी आहे" असं लिहायची घाई करू नका. कदाचित मोजपट्टीच तेवढी असेल. सिनॉप्सिसमध्ये 'स्थलांतरित' शब्द पहिल्यांदा वापराल, तिथेच थांबा आणि लिहा: कोणत्या कायद्याचा किंवा कोणत्या पाहणीचा स्थलांतरित, आणि त्यातून कोण सुटतो. सुटलेल्या माणसांपर्यंत पोचायला मग गावातच जावं लागेल. धान निघाल्यावर जा, आणि कोणत्या घरांना कुलूप आहे ते आधी बघा.