सदाफुलीचे मूळ बेट

वसईपासून अर्नाळ्यापर्यंतच्या रेताड किनारपट्टीत वाड्यांच्या बांधांवर आणि पडक्या भिंतींच्या सांध्यांत कोणी न लावताही उगवणारी सदाफुली इतकी घरची झाली आहे, की तिचे कूळ परदेशी असल्याचे सहसा ध्यानात येत नाही. कॅथरँथस रोझियस या शास्त्रीय नावाची ही वनस्पती मूळची केवळ मादागास्कर बेटाची असून, तिच्या प्रजातीतील, म्हणजे निकटच्या जातींच्या गटातील, भारत व श्रीलंकेत आढळणारी एक लहानखुरी जात वगळता बाकीच्या सर्व जाती प्रदेशनिष्ठ, म्हणजे त्याच बेटापुरत्या मर्यादित आहेत.

वसईत जे परके ते पोर्तुगीजांनी आणले असे म्हणण्याचा मोह होतो खरा. पण सदाफुलीच्या बाबतीत कालक्रम त्याला फारसा अनुकूल नाही. मादागास्करमधील फ्रेंच वसाहतीचा प्रमुख एतिएन द फ्लाकूर याच्या १६५८ च्या ग्रंथात तिचा उल्लेख असला, तरी पॅरिसहून आलेल्या बियांची रोपे वाढवून लंडनच्या चेल्सी उद्यानातील फिलिप मिलरने तिचे वर्णन छापले ते १७५७ मध्ये, आणि लिनियसने तिला 'विंका रोझिया' हे नाव दिले ते १७५९ मध्ये, म्हणजे चिमाजी अप्पांनी पोर्तुगीजांकडून वसई जिंकल्याला २० वर्षे झाल्यावर. शोभेचे झाड म्हणून ती उष्ण प्रदेशांत पसरली आणि बागांतून निसटून किनाऱ्यांवर स्थिरावली, कारण वाळू व पाण्याची टंचाई तिला सोसते आणि कडू, विषारी अल्कलॉइडांमुळे, म्हणजे नायट्रोजनयुक्त वनस्पतिज द्रव्यांमुळे, गुरे तिला तोंड लावत नाहीत.

याच द्रव्यांनी तिला कीर्ती दिली. मधुमेहावरचा जमैकातील घरगुती उपाय म्हणून कॅनडात पोहोचलेल्या पानांनी उंदरांच्या रक्तातील साखर उतरली नाही, पांढऱ्या पेशी मात्र घटल्या. त्या धाग्यावरून संशोधक रॉबर्ट नोबल व चार्ल्स बिअर यांनी १९५८ मध्ये व्हिनब्लास्टिन या कर्करोगरोधक अल्कलॉइडाचा शोध जाहीर केला. पाठोपाठ मिळालेले व्हिनक्रिस्टिन बालकांच्या रक्तकर्करोगावर आजही वापरले जाते. (साखरेसाठी सदाफुलीची पाने चावणाऱ्यांनी हा इतिहास वाचणे बरे.)

मादागास्करमध्ये मात्र 'तावी' या जंगल तोडून-जाळून केल्या जाणाऱ्या शेतीने तिचा नैसर्गिक अधिवास आक्रसला आहे, आणि तिच्या भावंडांपैकी कॅथरँथस कोरियासियससारखी जात तर तेथेही दुर्मीळ आहे. लागवडीतील रोपे माणसाच्या निवडीतून आलेली असल्याने रानातील वैविध्य त्यांत सामावत नाही. म्हणून संवर्धनाच्या हिशेबात बागेतली सदाफुली जमेस धरता येत नाही.