चोरी नेमकी कशाची?

शेजारच्या पणतीवर आपली पणती लावून घेतली, तर शेजाऱ्याचे काय जाते? काहीच नाही. तेलवातीच्या दिवाळीत उजेड चोरता येतो ही कल्पनाही कोणाला सुचली नसती. पण तारेतून वीज घरात आली आणि हाच साधा प्रश्न न्यायाधीशांना झोप येऊ देईना.

चोरी म्हणजे दुसऱ्याची वस्तू उचलून नेणे. मग वीज ही वस्तू आहे काय? जर्मनीच्या सर्वोच्च न्यायपीठाने १८९६ साली स्वच्छ सांगितले की नाही, वीज ही वस्तू नव्हे. १८९९ साली पुन्हा तेच सांगितले. शब्दाला ताणून कोणाला शिक्षा देता येत नाही, असा तो बाणेदारपणा होता. अखेर तेथील विधिमंडळाला १९०० साली खास कायदा करावा लागला. हॉलंडमध्ये उलट घडले. हेग शहरातल्या एका दंतवैद्याने सुई खुपसून मीटरचे चाक थांबवले होते. चाक थांबले, तरी दिवे चालूच. १९२१ साली तेथील वरिष्ठ न्यायालयाने विजेलाही 'माल' ठरवले आणि वैद्यबुवांची शिक्षा कायम केली. दोन शेजारी देश, एकच वीज, आणि न्याय मात्र दोन तऱ्हेचा!

इंग्रजांनी या घोळात शिरण्याचे आधीच टाळले होते. त्यांच्या १८८२ च्या कायद्यातच वीज लबाडीने घेणे ही चोरी समजावी असे लिहून ठेवलेले होते. तीच युक्ती हिंदुस्थानात आली. १९१० च्या वीज कायद्याच्या ३९ व्या कलमाने सांगितले की जो अप्रामाणिकपणे वीज घेईल त्याने दंडसंहितेप्रमाणे चोरी केली असे मानावे. 'मानावे' हा शब्द वाचकांनी ध्यानात ठेवावा, कारण पुढे सगळा खेळ त्यावरच झाला.

पंजाबातील एका ग्राहकावर पोलिसांनी वीजचोरीचा खटला भरला. त्याच्या वकिलाने १९१० च्याच कायद्याचे ५० वे कलम पुढे केले. सरकार, वीज निरीक्षक किंवा ज्याचे नुकसान झाले तो, यांच्या सांगण्यावाचून अशी फिर्याद चालत नाही. सरकारपक्ष म्हणाला, ही तर दंडसंहितेतली चोरी आहे, तेथे ते कलम कशाला? १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला: वीज ही दंडसंहितेच्या अर्थाने जंगम मालमत्ता नव्हेच, ३९ वे कलम नसते तर हा गुन्हाच नसता, तेव्हा हा गुन्हा वीज कायद्याचा, आणि त्यातली अट पाळलीच पाहिजे. आरोपी सुटला. कित्येकांना हे पळवाटेसारखे वाटेल. मला तसे वाटत नाही. अमक्याच्या घरी चोरीची वीज जळते असे उठून सांगणे कोणालाही सोपे असते, म्हणून सांगणारा कोण हे विचारणे रास्तच होते.

१९६६ च्या निकालपत्रांत छापून आलेला दुसरा खटलाही बोधक आहे. मीटरच्या झाकणावरचे एक भोक उघडे सापडले. एवढ्याने चोरी ठरते काय? न्यायालय म्हणाले, मीटरला नोंद करू न देण्याचे ते साधन खरे. परंतु वीज चोरून घेण्याचे साधन म्हणायला नुसते भोक पुरत नाही.

पण तुरुंगापेक्षा सामान्य गृहस्थाला बिलाचीच धास्ती अधिक. जुन्या कायद्यात मीटर बरोबर की चूक हा वाद वीज निरीक्षकाकडे जाई आणि मागची आकारणी सहा महिन्यांपलीकडे जात नसे. निरीक्षक हा कंपनीचा माणूस नव्हे, हे त्यातले मर्म होते. २००३ च्या नव्या वीज कायद्याने अनधिकृत वापरासाठी वेगळी वाट काढली. १२६ व्या कलमाखाली सरकारने नेमलेला अधिकारी आकारणी करतो, आणि तो वीज पुरवणाऱ्या संस्थेचाच नोकर असू शकतो. ज्याची थकबाकी, त्याच्याच माणसाच्या हाती तराजू! प्रारंभी दर दीडपट होता. २००७ च्या दुरुस्तीने तो दुप्पट झाला, आणि वापर कधी सुरू झाला हे कळत नसेल तर मागचे बारा महिने धरायचे असे ठरले.

येथे चोरी सिद्ध करावी लागत नाही, ही गोष्ट घरोघरी ठाऊक असावी. आमच्याकडे तारेवर 'आकडा' टाकणाऱ्याला सगळे ओळखतात. पण घरासाठी घेतलेल्या विजेवर दुकान चालवणे, किंवा आपल्या घरातून वायर ओढून दुसऱ्याच्या घराला वीज देणे, हेही त्याच कलमात बसते. ओडिशातील एका भात-गिरणीच्या प्रकरणात २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने मंजूर भारापेक्षा अधिक वीज वापरणेही अनधिकृतच ठरवले, जरी ती सारी वीज मीटरमधून मोजून गेली असली तरी.

आकारणी मान्य नसेल तर तीस दिवसांत अपील करता येते. मात्र आधी निम्मी रक्कम भरावी लागते. दिवाणी न्यायालयाचे दार कायद्यानेच बंद केलेले आहे. ग्राहक मंचाकडे जाऊ म्हणावे, तर २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की १२६ व्या कलमाखालच्या आकारणीविरुद्धची तक्रार तेथेही चालणार नाही.