सुळेभावीचे कुमार गंधर्व

बेळगावाहून मिरजेकडे जाणाऱ्या लोहमार्गावर सुळेभावी नावाचे एक लहानसे स्थानक आहे. गाडी तेथे क्षणभर थांबते, आणि बहुतेक उतारू खिडकीतून मान वर करूनही पाहत नाहीत. याच गावी ८ एप्रिल १९२४ रोजी, सिद्धरामय्या कोमकळीमठ नावाच्या एका लिंगायत गृहस्थाच्या घरी जो मुलगा जन्मला, त्याचे नाव शिवपुत्र. पुढे सारा देश त्याला कुमार गंधर्व या नावाने ओळखू लागला. त्याच वर्षाच्या डिसेंबरात बेळगावी काँग्रेसचे अधिवेशन भरले. गांधीजींनी अध्यक्षपद स्वीकारलेले ते एकमेव अधिवेशन होय. गंगूबाई हनगल या अकरा वर्षांच्या मुलीने त्या मंडपात गायन केले होते. म्हणजे आमच्या या सीमाभागात एकाच वर्षी राजकारणाला त्याचा महात्मा भेटला आणि संगीताला त्याचा गंधर्व लाभला. या योगायोगाला आम्ही फार अर्थ चिकटवू इच्छित नाही. परंतु या दोन नावांची गाठ पुढे आणखी दोनदा पडणार आहे, एवढे वाचकांनी ध्यानात ठेवावे.

ज्या मातीत हे रोप उगवले तिची थोडी ओळख करून घेणे इष्ट आहे. मिरजेत अब्दुल करीम खाँ, कोल्हापुरात अल्लादिया खाँ आणि बेळगावात रामकृष्णबुवा वझे, अशा थोर गवयांनी या टापूत वास्तव्य केले. कुंदगोळचे रामभाऊ, म्हणजे सवाई गंधर्व, हे कानडी मुलखातले. परंतु गाजले ते मराठी रंगभूमीवर. नाटक मंडळ्या गावोगाव फिरत, आणि त्यांच्या पदांना भाषेचा जकातनाका आडवा येत नसे. घरी कानडी, बाजारात मराठी आणि बंदिशीत ब्रजभाषा, अशी त्रिवेणी येथील गायकांच्या जिभेवर सहज नांदत असे. धारवाड, हुबळी, गदग, बेळगाव, मिरज आणि कोल्हापूर यांना जोडणारी ही जी गानरेषा, ती कोणत्याही नकाशात काढलेली नाही. पण ती न जाणता कुमार गंधर्वांचे चरित्र नीट उलगडत नाही.

वडिलांना गाण्याचा नाद होता, घरात गाण्याची ये-जा होती. तरी या मुलाने बालपणी विधिपूर्वक शिक्षण असे घेतलेच नव्हते. एके दिवशी तो अकस्मात गाऊ लागला, आणि गाऊ लागला तो थोरामोठ्यांच्या ध्वनिमुद्रिका जशाच्या तशा. तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन-साडेतीन मिनिटांचे गाणे मावत असे. तेवढ्या अवकाशात गवई आलाप, बंदिश आणि तान यांचे सार ओतीत असत, आणि ते सारे बारकाव्यांसह या मुलाच्या गळ्यातून बाहेर पडे. वयाच्या सातव्या-आठव्या वर्षी एका मठाच्या स्वामींनी त्याला ‘कुमार गंधर्व’ ही पदवी दिली, आणि मुलाचे जलसे गावोगाव होऊ लागले. १९३६ साली मुंबईच्या जिना हॉलमधील संगीत परिषदेत तो गायला, तेव्हा श्रोतृवृंदातील जाणकार मंडळी चकित झाली.

येथे आमच्या व्यवसायातील एक शब्द उपयोगी पडेल. कचेरीत ‘नक्कल’ या शब्दाला मोठा मान आहे. मूळ दस्तऐवज दप्तरात राहतो, आणि सही-शिक्क्याची नक्कल आम्ही न्यायाधीशांपुढे ठेवतो. ती मुळाबरहुकूम असणे हेच तिचे पावित्र्य. कलेच्या दरबारात मात्र नियम उलटा आहे. तेथे नक्कल जितकी हुबेहूब, तितका नक्कल करणाराचा स्वतःचा दावा कमजोर. या मुलाची थोरवी अशी की, ज्या गुणावर लोक टाळ्या वाजवीत होते, तोच गुण आपल्याला पुरे पडणारा नाही, हे त्याला तारुण्यात पाऊल टाकतानाच उमगले. बालनटांची आणि बालगायकांची चरित्रे पाहिली तर असे आढळते की, कौतुकाच्या पुरात त्यांपैकी बहुतेक जण वाहून जातात. मिसरूड फुटले की लोक त्यांना विसरतात. कुमार त्या पुरातून काठावर आले, ते गुरूचा हात धरून.

ते गुरू म्हणजे मिरजेचे प्रा. बा. र. देवधर. ते विष्णु दिगंबर पलुस्करांचे शिष्य असूनही कोणत्याही घराण्याचे आंधळे अभिमानी नव्हते. मुंबईतील आपल्या संगीतशाळेत ते निरनिराळ्या परंपरांच्या गवयांना आणीत, त्यांचे ऐकीत आणि विद्यार्थ्यांनाही ऐकवीत. या शाळेत कुमारांनी सुमारे दशकभर काढले; प्रथम शिकले आणि मग शिकवूही लागले. याच काळात त्यांना अंजनीबाई मालपेकर यांचेही मार्गदर्शन मिळाले. गोमंतकात देवळांच्या आश्रयाने ज्या घराण्यांनी पिढ्यान्‌पिढ्या संगीत जतन केले, त्यांपैकी एका घराण्यात अंजनीबाई जन्मल्या. १९५८ साली संगीत नाटक अकादमीचे सदस्यत्व मिळविणाऱ्या त्या पहिल्या महिला होत. आमच्या वाचकांपैकी अनेकांची कुलदैवते गोव्यात आहेत. तेथल्या पालखीपुढे जे स्वर शतकानुशतके आळविले गेले, त्यांचा एक झरा सुळेभावीच्या या मुलापर्यंत असा पोहोचला, ही गोष्ट त्यांनी अभिमानाने सांगण्याजोगी आहे. देवसेवा करणाऱ्या त्या कलावंतिणींना समाजाने मान मात्र कितपत दिला, हा प्रश्नही त्याबरोबरच मनात यावयास हवा.

१९४७ साली कुमारांचा विवाह शाळेतीलच गायिका भानुमती कंस यांच्याशी झाला, आणि त्याच सुमारास क्षयाचे निदान झाले. तेव्हा क्षय म्हणजे बहुधा मृत्यूचेच समन्स. स्ट्रेप्टोमायसिन हे औषध नुकतेच शोधले गेले होते. ते दुर्मीळ होते आणि महागही. कोरडी हवा मानवेल म्हणून पतिपत्नींनी माळव्यातील देवास गाठले. ते तेथे पोहोचले तो दिवस ३० जानेवारी १९४८. त्याच सायंकाळी दिल्लीत गांधीजींची हत्या झाली. देवास हे पवार घराण्याचे मराठी संस्थान असल्यामुळे आपली भाषा तेथे परकी नव्हती. रजब अली खाँसारखे बुजुर्ग गवईही त्याच गावी राहत होते. परंतु डॉक्टरांनी गाण्यास सक्त मनाई केली. भानुमतीबाईंनी शाळेत नोकरी धरली, संसार चालविला आणि पतीची शुश्रूषा केली. ज्याची ओळख केवळ गळा हीच होती, असा तेवीस-चोवीस वर्षांचा तरुण वर्षानुवर्षे मुका होऊन पडून राहिला. याहून कठोर शिक्षा कोणत्या दंडसंहितेत सापडेल, असे आम्हाला वाटत नाही.

मात्र ही शिक्षा म्हणजेच त्यांची खरी पाठशाळा ठरली. गाता येत नव्हते, म्हणून ते ऐकू लागले. अंगणातून, रस्त्यावरून, लग्नघरांतून माळव्यातील स्त्रियांची गाणी कानांवर येत. ऋतूंची, सणांची, जन्माची आणि पाठवणीची. भानुमतीबाईंच्या साहाय्याने त्यांनी अशी शेकडो गाणी गोळा केली. त्यांच्या ध्यानात असे आले की, या धुना बहुधा चार-पाच स्वरांतच फिरतात. परंतु त्या स्वरांच्या परस्पर ओढीत एका संपूर्ण रागाचे बीज दडलेले असते. शास्त्र आधी आणि लोकगीत मागाहून, हा आपला नेहमीचा समज. कुमारांनी त्याची दिशा फिरविली. लोकधुनेतील बीज ओळखून, त्यात न उच्चारलेले स्वर कोठे जाऊ पाहतात याचा मागोवा घेत त्यांनी नवे राग बांधले आणि त्यांना ‘धुनउगम राग’ म्हटले. मालवती, संजारी, सहेली तोडी, लगनगांधार ही त्यांपैकी काही नावे. पुढे गांधी जन्मशताब्दीच्या निमित्ताने त्यांनी ‘गांधी मल्हार’ हा राग निर्मिला. बेळगावच्या अधिवेशनाच्या वर्षी जन्मलेल्या आणि गांधीजींच्या मृत्यूच्या दिवशी देवासला पोहोचलेल्या या गायकाने दिलेली ती श्रद्धांजली होय. त्यांच्या बंदिशींचा ‘अनूपरागविलास’ हा ग्रंथ १९६५ साली प्रसिद्ध झाला.

१९५२–५३ च्या सुमारास ते पुन्हा मैफलीत बसले, तेव्हा एक फुप्फुस जवळजवळ निकामी झाले होते. पूर्वीचा लांब पल्ल्याचा दम आता शक्य नव्हता. तेव्हा त्यांनी लहान वाक्ये, अकस्मात उसळणारा सूर, आणि दोन स्वरांमधील शांततेचा उपयोग यांतून आपली गायकी उभी केली. या शैलीचे सारे श्रेय आजाराला देणे आम्हास मान्य नाही. तबकडीच्या तीन मिनिटांत एक आख्खे विश्व मावते, हे ज्याने बालपणीच अनुभवले होते, त्याला थोडक्यात पुष्कळ सांगण्याची विद्या आधीच अवगत होती. आजाराने तिला केवळ अपरिहार्य केले.

देवासमध्येच त्यांच्या कानांवर नाथपंथी जोग्यांची निर्गुणी भजने पडली. शीलनाथ महाराजांची धुनी त्याच गावी आहे. कबीराचे पद कसे गावे, याचे उत्तर त्यांना त्या फिरत्या भिक्षेकऱ्यांकडून मिळाले. स्वर भावनेने भिजवून नव्हे, तर निर्जन जागी उभे राहून शून्यात फेकल्यासारखा लावावयाचा. आपण देवळात सगुणाची पूजा बांधतो. मूर्ती, नैवेद्य आणि आरती यांखेरीज आपला दिवस उजाडत नाही. तरीही गाभाऱ्याची दारे बंद झाल्यावर सभामंडपात जी निःशब्दता उरते, तीही देवाचीच असते. कुमारांचे निर्गुणी भजन ऐकताना त्या निःशब्दतेची आठवण होते. सूर, मीरा आणि कबीर यांची पदे ‘त्रिवेणी’त गुंफून त्यांनी सगुण व निर्गुण यांचा वाद गाण्यापुरता तरी मिटविला होता.

त्यांच्यावर आक्षेप घेणारेही थोडे नव्हते, आणि ते सारेच अज्ञ होते असे म्हणता येत नाही. विलंबित ख्यालाची क्रमवार बढत ते करीत नाहीत, रागाची ठरलेली चालण मोडतात, घराण्याची शिस्त पाळीत नाहीत, असे हे आरोप होते. न्यायालयात आम्ही नजिरा सांगतो. पूर्वी वरिष्ठ न्यायासनाने असे ठरविले, म्हणून आताही तसेच ठरवावे, असे म्हणतो. घराणे हीसुद्धा नजिरांची एक परंपराच आहे, आणि तिच्यावाचून संगीतात अराजक माजेल, हे म्हणणे खरे आहे. परंतु नजीर आणि तत्त्व या दोन भिन्न वस्तू आहेत. उत्तम न्यायाधीश नजिरेच्या अक्षराला बांधलेला नसतो. ती ज्या तत्त्वासाठी निर्माण झाली, त्या तत्त्वाला बांधलेला असतो. कुमारांनी नजिरा मोडल्या असतील, पण रागाचे तत्त्व म्हणजे काय, हा प्रश्न त्यांनी ज्या निष्ठेने विचारला, तितक्या निष्ठेने तो विचारणारे फार थोडे झाले.

मराठीचे ऋण त्यांनी मुक्त हस्ताने फेडले. जन्मभाषा कानडी असलेल्या या गायकाने तुकोबांच्या अभंगांचे आणि भा. रा. तांबे यांच्या कवितांचे स्वतंत्र कार्यक्रम केले. ‘मला उमजलेले बालगंधर्व’ या कार्यक्रमात त्यांनी मराठी रंगभूमीच्या लाडक्या गायकनटाचे पुनर्दर्शन घडविले. ज्याची बालपणीची कीर्ती नकलेवर उभी होती, त्याने प्रौढपणी दुसऱ्याचे गाणे गाताना ‘मला उमजलेले’ हे शब्द योजावेत, यात त्यांच्या साऱ्या प्रवासाचा निष्कर्ष आला. नक्कल आणि उमज यांमधील अंतर तोडण्यास त्यांना अर्धे आयुष्य लागले. १९६१ साली भानुमतीबाई प्रसूतीच्या वेळी निवर्तल्या. पुढल्या वर्षी गायिका वसुंधरा श्रीखंडे यांच्याशी त्यांचा विवाह झाला, आणि मैफलीत त्यांचीही साथ लाभली. १९७७ साली पद्मभूषण व १९९० साली पद्मविभूषण हे सन्मान त्यांना मिळाले. १२ जानेवारी १९९२ रोजी देवास येथेच त्यांनी देह ठेवला.

आता शेवटचा प्रश्न, जो आमच्या भागात विचारल्यावाचून कोणी राहत नाही: कुमार गंधर्व कोणाचे? १ नोव्हेंबर १९५६ रोजी बेळगाव-निपाणीचा भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला. महाजन आयोगाचा अहवाल १९६७ साली आला, आणि २००४ साली महाराष्ट्राने सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला. या वादात आमच्या पिढ्यांची तारुण्ये खर्ची पडली. शाळेत, कचेरीत आणि बसच्या पाटीवर स्वतःची भाषा दिसावी, ही मागणी क्षुल्लक आहे असे आम्ही कदापि म्हणणार नाही. हक्कासाठी दाद मागणे हा तर आमचा धर्मच. परंतु जमिनीच्या मालकीला जो कायदा लागू पडतो तो गाण्याला लागू पडत नाही. जमिनीचा एक तुकडा एकाच्या ताब्यात असला म्हणजे दुसऱ्याच्या ताब्यात असू शकत नाही. गाण्याचे तसे नाही. कानड्याने कुमारांना आपले म्हटले म्हणून मराठी माणसाचा वाटा रतिभरही कमी होत नाही, आणि माळव्याने म्हटले म्हणून दोघांचाही होत नाही. सातबाऱ्यावर अनेक नावे चढली की वारसांत कज्जे उभे राहतात. या वारशाच्या उताऱ्यावर मात्र जितकी नावे चढतील तितकी मिळकत वाढते.

म्हणून आमची सूचना साधी आहे. आपल्या देवस्थानांच्या उत्सवांत कीर्तन-भजनाचे कार्यक्रम होतात, त्यांत एक संध्याकाळ सुळेभावीच्या या सुपुत्रासाठी राखावी. एक कानडी वचन, एक तुकोबांचा अभंग, एक कोंकणी भजन आणि एक कबीराचे निर्गुणी पद, एवढे त्या सभामंडपात गायले जावे. श्रोत्यांमध्ये दोन्ही भाषांचे शेजारी एकाच जाजमावर बसलेले असावेत. जो निवाडा आम्ही वकील मंडळी आजवर मिळवू शकलो नाही, तो त्या जाजमावर कदाचित आपोआप लागेल.