लाथेचा कायदा

कर्जत, जामखेड, श्रीगोंदा हा अहिल्यानगर जिल्ह्याचा दक्षिणेकडचा पट्टा कुस्तीचा आणि कबड्डीचा. २०२५च्या मार्चमध्ये महाराष्ट्र केसरीची कुस्ती स्पर्धा कर्जतला भरली. तालुका कमी पावसाचा, माळ मुरमाड, त्यामुळे अंग टाकायचं तर आधी माती भुसभुशीत करून घ्यावी लागते. इथल्या माणसाला मैदानावरची लाथ ठाऊक आहे ती कबड्डीतली. चढाईला गेलेला गडी दम धरून कोपऱ्याकडे सरकतो, बचाव करणारा पाय पकडायला खाली वाकतो आणि त्याच क्षणी चढाईपटू अंग वळवून टाच मागे झाडतो. टाच समोरच्याच्या खांद्याला पुसटशी लागली आणि गडी मध्यरेषेवर परतला, तर समोरचा बाद. लाथ हुकली तर तोच पाय घोट्याशी धरला जातो आणि खेळ तिथंच संपतो. या लाथेत ताकदीपेक्षा माप महत्त्वाचं, कारण नियमाला फक्त स्पर्श हवा असतो. इजा करायला मारलेल्या लाथेला तिथं जागा नाही.

पायानं काय करावं हे पाय ठरवत नाही, नियम ठरवतो. फुटबॉल नावाच्या साऱ्या खेळांचा इतिहास याच एका गोष्टीभोवती फिरतो. त्यातले दोन खेळ मुंबईत शतकाहून अधिक काळ शेजारी शेजारी खेळले जात आहेत, त्यामुळे हा इतिहास महाराष्ट्राला परका नाही.

सुरुवात लंडनची. १८६३च्या ऑक्टोबरमध्ये फ्रीमेसन्स टॅव्हर्नमध्ये वेगवेगळ्या क्लबांचे प्रतिनिधी एकत्र बसले. प्रत्येक शाळेचा फुटबॉल निराळा, तेव्हा सगळ्यांना चालेल असा एकच कायदा लिहावा, हा हेतू. पुढच्या बैठकांत भांडण पेटलं ते नडग्यांवरून. चेंडू घेऊन पळणाऱ्याच्या नडगीवर लाथ मारून त्याला पाडणं काही क्लबांना हक्काचं वाटत होतं. या बैठकांतून उभ्या राहिलेल्या फुटबॉल असोसिएशनचे चिटणीस एबेनेझर मॉर्ली यांच्या बाजूचं म्हणणं असं, की नोकरी-धंदा असलेली माणसं पाय फोडून घ्यायला मैदानावर येणार नाहीत. ब्लॅकहीथ क्लबचे कॅम्पबेल यांना मात्र लाथ काढली की खेळातलं धाडसच संपतं, असं वाटत होतं. मत गेलं मॉर्लींच्या बाजूनं. डिसेंबरात नियम मंजूर झाले आणि ब्लॅकहीथ बाहेर पडलं. १८७१मध्ये रग्बीची स्वतंत्र संघटना उभी राहिली, तिच्या संस्थापकांत ब्लॅकहीथही होतं. त्या संघटनेनं आपल्या पहिल्याच नियमांत नडगीवरची लाथ बंद केली. ज्या मुद्द्यावरून घर फुटलं तो मुद्दा आठ वर्षांत दोन्ही घरांनी सोडून दिला, पण घरं काही पुन्हा एक झाली नाहीत.

१८६३च्या त्या नियमांत आणखी एक कलम होतं: बुटाच्या तळव्याला किंवा टाचेला वर आलेले खिळे, लोखंडी पट्ट्या किंवा गटापर्चा (रबरासारखा चिवट पदार्थ) लावायचा नाही. नियम लिहिणाऱ्यांनी खेळाडूच्या पायात बूट असणार हे धरूनच चाललेलं दिसतं. अनवाणी माणूस हा खेळ खेळेल, हे त्यांच्या ध्यानीमनीही नव्हतं.

घरं वेगळी झाल्यावर लाथही वेगळी झाली, आणि तिचं रूप ठरवलं हातावरच्या बंधनांनी. असोसिएशनच्या फुटबॉलनं गोलरक्षक सोडून बाकीच्यांचे हात काढून घेतले, मग अडवणं, ताब्यात ठेवणं, देणं, मारणं ही सगळी कामं पायाकडे आली. रग्बीनं हात ठेवले, पण हातानं चेंडू पुढे फेकायला बंदी केली. चेंडू घेऊन पळायचं नसेल, तर पुढे पाठवायला लाथ हा एकच मार्ग उरला. मेलबर्नमध्ये १८५९मध्ये लिहिलेल्या नियमांतून वाढलेल्या ऑस्ट्रेलियन फुटबॉलमध्ये चेंडू फेकताच येत नाही. मुठीनं टोलवायचा किंवा लाथेनं द्यायचा. म्हणून तिथं लाथ हाच पास झाला. चेंडू उभा धरून खाली सोडायचा आणि त्याच्या खालच्या टोकाला पाय लावायचा, म्हणजे तो मागे गिरक्या घेत सरळ जातो आणि समोरच्याला झेलता येतो. आयर्लंडच्या गेलिक फुटबॉलमध्ये चेंडू हातात धरून चार पावलांहून जास्त पळता येत नाही, म्हणून पळता पळता तो स्वतःच्या चवड्यावर सोडून पुन्हा हातात घेण्याची कला तिथं तयार झाली. हातावर एकेक बंधन आलं आणि पायाला एकेक नवी विद्या लागली.

मुंबईत यातले दोन खेळ हाकेच्या अंतरावर रुजले. आझाद मैदानाच्या टोकाशी असलेला बॉम्बे जिमखाना १८७५चा. तो शहरातल्या रग्बीचं घर झाला. ओव्हल मैदान ओलांडून दक्षिणेला गेलं की कूपरेज, फुटबॉलचं मैदान. रग्बीचा मोसम पावसाळी, कारण उन्हानं टणक झालेल्या जमिनीवर पडणं म्हणजे कातडी सोलून घेणं. दोन्ही मैदानांवर चेंडू मारणारा पाय तोच, पण हिशोब उलटा. कूपरेजवर आडव्या बारवरून गेलेला चेंडू फुकट जातो. जिमखान्यावर तोच चेंडू दोन खांबांच्या मधून, तीन मीटर उंचीच्या बारवरून गेला, तर पेनल्टीचे तीन गुण. रग्बीत एके काळी चेंडू रेषेपलीकडे टेकवण्याला गुणच नव्हते. त्यातून फक्त गोलाकडे लाथ मारण्याचा हक्क मिळायचा. आज टेकवण्याला पाच गुण आहेत आणि त्यानंतरच्या लाथेला दोन. रग्बीत लाथेचं वजन कसं उतरत गेलं, हे त्या आकड्यांतच दिसतं.

कोलकात्यातल्या रग्बी क्लबनं तर खेळ बंद पडताना आपल्या खात्यातले चांदीचे २७० रुपये वितळवून करंडक घडवला आणि इंग्लंडला पाठवला. १८७९पासून इंग्लंड आणि स्कॉटलंड त्यासाठी खेळत आले आहेत. नागाच्या आकाराच्या मुठी आणि झाकणावर हत्ती असलेला हा कलकत्ता कप म्हणजे अक्षरशः हिंदुस्थानी रुपया आहे.

मुंबईत फुटबॉलचा रोव्हर्स कप सुरू झाला १८९१मध्ये. पहिला मान वूस्टरशायर रेजिमेंटचा, आणि नंतरची कितीतरी वर्षं करंडक एका पलटणीकडून दुसरीकडे फिरत राहिला. त्याच १८९१मध्ये फुटबॉलच्या नियमांत पेनल्टी किक आली. आयर्लंडमधल्या मिलफर्ड गावचे गोलरक्षक विल्यम मॅक्रम यांनी ती सुचवली होती. सभ्य खेळाडू मुद्दाम फसवणूक करेल हे गृहीत धरणंच अपमानाचं, असं म्हणून आधी तिला विरोध झाला. सुरुवातीला पेनल्टीला ठरलेला ठिपका नव्हता. गोलपासून बारा यार्डांवरच्या रेषेवर कुठूनही मारता यायची आणि गोलरक्षक पुढे धावून येऊ शकायचा. ठिपका १९०२मध्ये आला. कॉर्नरवरून थेट गोल मान्य झाला तो १९२४मध्ये. त्याच वर्षी ऑक्टोबरात अर्जेंटिनाच्या सेसारेओ ओन्सारी यांनी उरुग्वेविरुद्ध तसा गोल केला. नियमाची एक ओळ बदलली आणि वळणाऱ्या लाथेचा सराव करण्याला अर्थ आला.

या सगळ्यात अनवाणी हिंदी खेळाडूची गोष्ट सर्वांत मोठी आहे आणि तिची नीट दखल फारशी कुणी घेत नाही. १९११मध्ये मोहन बागाननं कोलकात्यात ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ हरवून आयएफए शील्ड जिंकली, तेव्हा त्यांच्या अकरा जणांत बूट होते ते एकट्या सुधीर चटर्जींच्या पायात. १९२३मध्ये हाच संघ रोव्हर्सच्या अंतिम सामन्यात पोचला आणि डरहॅम लाइट इन्फंट्रीकडून हरला. रोव्हर्स कप हिंदी संघाच्या हाती लागायला १९३७ उजाडावं लागलं. तो मान बेंगळुरू मुस्लिम्सचा, आणि पुढच्या वर्षीही त्यांनीच तो राखला.

अनवाणी पायाचं तंत्र म्हणजे गरिबीतून आलेली तडजोड, असं सांगण्याची पद्धत आहे. ते अर्धंच खरं. बूट घातलेला माणूस चेंडूला टोकानं ठोसू शकतो, कारण पुढचं कातडं कडक असतं. अनवाणी माणसानं तसं केलं तर अंगठा मोडेल. त्याला पावलाच्या पाठीनंच मारावं लागतं, घोटा ताठ ठेवून, बोटं खाली वळवून. पावलाची पाठ रुंद असते, चेंडू तिच्यावर जास्त बसतो आणि दिशा कमी चुकते. शिवाय चेंडू त्वचेला लागतो, त्यामुळे तो किती फिरतोय हे पायाला तत्काळ कळतं. उणिवाही होत्या. समोरच्याच्या बुटाखाली पाय सापडायची भीती होती. चिखलात घट्ट पकड मिळायची नाही. आणि तेव्हाचा कातडी चेंडू पावसात पाणी पिऊन जड व्हायचा.

बुटाच्या टोकानं मारण्याची पद्धत अमेरिकन फुटबॉलमध्ये आणि रग्बीत दीर्घकाळ टिकली. सरळ धावत येऊन, पाऊल काटकोनात ठेवून टोकाचा ठोसा द्यायचा. १९६४मध्ये पीट गोगोलाक हा १९५६च्या उठावानंतर हंगेरीतून कुटुंबासह निसटलेला तरुण बफेलो बिल्सकडून खेळू लागला. तो तिरका धावत यायचा आणि पावलाच्या पाठीनं मारायचा, जसा युरोपात फुटबॉल मारतात. पाहणारे चक्रावले, पण पुढच्या काही दशकांत टोकानं मारणारे तिथून संपले. रग्बीतही तेच झालं. गोगोलाक भारताकडून काही शिकला नव्हता. तरीही कोलकात्याचा आणि बेंगळुरूचा अनवाणी खेळाडू ज्या पृष्ठभागानं मारायला बांधलेला होता, तोच चेंडू मारायला सर्वांत चांगला, हे जगभरच्या बुटांना उशिरा उमगलं.

१९४८च्या लंडन ऑलिंपिकमध्ये भारताचे बहुतेक खेळाडू अनवाणी उतरले. फ्रान्सशी सामना १-१ असा बरोबरीत होता, सारंगपाणी रामन यांनी गोल केला होता, पण भारताच्या दोन पेनल्टी वाया गेल्या आणि अगदी शेवटी फ्रान्सनं दुसरा गोल मारला. दोन वर्षांनी भारत ब्राझीलच्या विश्वचषकाला गेला नाही. बूट न घातल्यामुळे जाता आलं नाही, ही गोष्ट घरोघरी सांगितली जाते, पण भारताचे तेव्हाचे खेळाडू शैलेन मन्ना यांनी पुढे ती नाकारली होती. ऑलिंपिकपुढे विश्वचषक तेव्हा कुणाला मोठा वाटत नव्हता, हे जास्त पटणारं कारण. १९५२मध्ये हेलसिंकीच्या गारठ्यात युगोस्लाव्हियानं भारताला १०-१ असं चिरडलं आणि त्यानंतर भारतीय महासंघानं बूट सक्तीचे केले.

चारच वर्षांनी बूट घातलेला भारत ऑलिंपिकच्या उपांत्य फेरीत होता. सय्यद अब्दुल रहीम प्रशिक्षक होते आणि आघाडीवर मुंबईचा नेव्हिल डिसूझा. १ डिसेंबर १९५६ला मेलबर्नमध्ये त्यानं यजमान ऑस्ट्रेलियावर तीन गोल मारले. भारत ४-२ जिंकला. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅट्ट्रिक करणारा तो पहिला आशियाई. उपांत्य सामन्यात युगोस्लाव्हियाविरुद्ध पहिला गोल त्याचाच होता, पण सामना ४-१ गेला. ७ डिसेंबरला मेलबर्न क्रिकेट मैदानावर कांस्यपदकाच्या सामन्यात बल्गेरियानं भारताला ३-० हरवलं. चार गोल करून नेव्हिल स्पर्धेच्या सर्वाधिक गोल करणाऱ्या तिघांत राहिला. त्याच दिवशी त्याच मैदानावर ऑस्ट्रेलियन फुटबॉलचा प्रदर्शनीय सामनाही झाला: लंबगोल मैदान, लंबगोल चेंडू, दोन्ही टोकांना चार-चार खांब. मधल्या दोन खांबांतून लाथेनं गेला तर सहा गुण, बाजूच्या खांबांतून एक. चेंडूला लाथ मारणाऱ्या दोन घराण्यांची एका दिवसात, एका गवतावर अशी गाठ पडणं विरळच.

महाराष्ट्रात फुटबॉल मुंबईबाहेर खरा भिनला कोल्हापुरात. तिथल्या संघांची नावं पाहिली तरी पुरे: पाटाकडील तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ. पेठेतल्या तालमींतूनच फुटबॉलचे संघ उभे राहिले आणि शाहू स्टेडियमवर पेठेची इभ्रत पणाला लागू लागली. २०१७च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव कोल्हापूरचाच. दंड-बैठकांनी घट्ट झालेली मांडी आणि कंबर फुटबॉलला उपयोगी पडते हे कोल्हापूरनं दाखवलं. कर्जतसारख्या कुस्तीच्या तालुक्यांत ती मांडी आहे, ते आखाडे आहेत. त्याच २०१७च्या सप्टेंबरमध्ये राज्य सरकारनं विश्वचषकाच्या निमित्तानं शाळाशाळांत एकाच दिवशी फुटबॉल खेळवला आणि चेंडू वाटले. पण चेंडू दिला की काम संपत नाही. मुरमावर घसरून पडायची भीती असेल तर मूल पाय पूर्ण झोकून मारतच नाही; अर्ध्या झोकाची सवय लागली की ती मोठेपणी सुटत नाही. शाळेच्या पटांगणाचा एक तुकडा नांगरून, दगड वेचून मऊ ठेवणं हे काम ज्या तालुक्यात आखाडा खणायची पिढ्यान्‌पिढ्यांची रीत आहे तिथं सहज जमण्यासारखं आहे.

रग्बीही आता मुंबईत जिमखान्याच्या कुंपणाबाहेर आली. २०२५च्या जूनमध्ये सात-सात खेळाडूंची रग्बी प्रीमियर लीग अंधेरीच्या शहाजीराजे क्रीडा संकुलात, एरवी फुटबॉलच्या असलेल्या मैदानावर रंगली. सात जणांच्या रग्बीत चेंडू टेकवल्यानंतरची लाथ पंधरा जणांच्या खेळासारखी चेंडू टेकूवर ठेवून, श्वास सावरून मारता येत नाही. चेंडू हातातून खाली सोडायचा, तो जमिनीला लागून उसळू लागताच मारायचा, आणि हे सगळं टेकवल्यापासून अर्ध्या मिनिटात उरकायचं. चेंडू टोकावर पडला तर सरळ वर येतो, जरा तिरका पडला तर कुठंही जातो, म्हणून इथं मारणाऱ्या पायाआधी चेंडू सोडणारा हात तयार करावा लागतो.