लोणार विवर : वय आणि कालमापन

लोणार विवर : जालना जिल्ह्याच्या मंठा तालुक्याशेजारी, बुलढाणा जिल्ह्यातील लोणार गावालगतचे आघात विवर. जालन्याहून मंठामार्गे येथे जाता येते. व्यास सु. १.८ किमी.; काठापासून तळापर्यंत खोली सु. १४० मी. तळाशी अल्कधर्मी, खारट पाण्याचे सरोवर असून त्यातून पाणी बाहेर पडायला वाट नाही. काठावरचा ‘धार’ हा झरा आत वाहत येतो, पाणी उन्हाने आटते आणि क्षार मागे उरतात. २०२० मध्ये सरोवराला रामसर पाणथळ क्षेत्राचा दर्जा मिळाला. त्याच वर्षी जूनमध्ये क्षारप्रेमी सूक्ष्मजीवांमुळे पाणी गुलाबी झाले आणि लोणार देशभर चर्चेत आले. येथे मात्र विचार करायचा आहे तो विवराच्या वयाचा, कारण या एका खड्ड्यावर काळ मोजायची वेगवेगळी साधने लावली, तेव्हा त्यांच्या उत्तरांत दहापटींहून अधिक अंतर पडले.

आकाशातून आलेल्या वस्तूमुळे काळाची गती बिघडते, अशी कल्पना विज्ञानकथांत वारंवार येते. लोणारला असे काही घडते का, याचे उत्तर आकड्यांत देता येते. सापेक्षता सिद्धांतानुसार खालच्या पातळीवर काळ खरोखरच हळू चालतो. १४० मी. खोलीच्या हिशेबाने तळाशी ठेवलेले घड्याळ काठावरच्या घड्याळाच्या मागे पडेल, पण वर्षाला सेकंदाच्या सुमारे वीस लाखाव्या भागाइतकेच. पाच लाख वर्षे लोटली तरी हा फरक जेमतेम पाव सेकंद भरतो, आणि तेवढ्याच खोलीच्या कोणत्याही दरीत तो तितकाच असतो. तेव्हा वयाच्या आकड्यांतली तफावत काळाच्या गतीतून आलेली नाही. ती दगडातून, म्हणजे काळाची नोंद ठेवणाऱ्या पदार्थातून आली आहे.

विवर ज्या बेसाल्टात कोरले गेले तो दख्खनच्या लाव्ह्याचा असून सु. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा आहे. जालन्याच्या काळ्या मातीखालीही तोच खडक आहे. खड्डा दीर्घकाळ ज्वालामुखीचे मुख मानला जात होता. १९७३ मध्ये फ्रेड्रिक्सन आणि सहकाऱ्यांनी सरोवराखाली घेतलेल्या छिद्रांतील चुरा तपासून त्यात आघाताच्या प्रचंड दाबानेच बनणारा मास्केलिनाइट हा काचरूप पदार्थ दाखवला, आणि अशनिपाताचा निर्णय पक्का झाला. त्यानंतर प्रश्न उरला तो हा आघात केव्हा झाला याचा. १९९७ मध्ये सेनगुप्ता आणि सहकाऱ्यांनी आघातातून वितळलेल्या काचेचे वय थर्मोल्युमिनेसन्सने ५२ हजार वर्षे (६ हजार अधिक-उणे) काढले. २०११ मध्ये जूर्दाँ आणि सहकाऱ्यांनी अर्गॉनच्या समस्थानिकांवरून ५ लाख ७० हजार वर्षे (४७ हजार अधिक-उणे) हे वय दिले. फिरायला येणाऱ्यांना सहसा पहिलाच आकडा ऐकवला जातो. माझ्या मते आज दुसऱ्या आकड्याच्या बाजूचा पुरावा अधिक वजनदार आहे.

त्यासाठी ही साधने नेमके काय मोजतात ते पाहावे लागते. थर्मोल्युमिनेसन्समध्ये दगडात साठलेली किरणोत्सर्गाची ऊर्जा मोजतात: नमुना तापवला की ती मंद प्रकाशाच्या रूपाने बाहेर पडते, आणि जितका प्रकाश जास्त तितका काळ जास्त. पण हा साठा काही पदार्थांत हळूहळू झिरपून जातो, शिवाय त्याला वरची मर्यादाही असते. गळक्या माठात उरलेल्या पाण्यावरून तो भरायला किती वेळ लागला हे ठरवू गेले, तर उत्तर कमीच येणार. काळ मोजायला वापरले जाणारे, युरेनियमच्या विखंडनाने काचेत उमटणारे मागही काळाबरोबर पुसट होतात. त्यातून बेसाल्टात युरेनियम फारच थोडे, म्हणून त्या पद्धतीची अनिश्चितता मोठी. या साधनांच्या अशा चुका वय कमी दाखवण्याच्याच दिशेने होतात.

अर्गॉनची चूक उलट दिशेची असते, आणि यावरचा आक्षेप खरोखर गंभीर आहे. बेसाल्टात साडेसहा कोटी वर्षांत पोटॅशियमपासून अर्गॉन साठत आलेला होता. आघातात वितळलेल्या रसातून तो सगळा निघून गेला नाही, एक टक्क्याहूनही कमी उरला, तरी वय पाच लाखांनी फुगते. मग ५ लाख ७० हजार हा आकडा या जुन्या शिलकेचाच तर नाही? दक्षिण आफ्रिकेतल्या त्स्वाइंग विवराच्या काचेत अशी शिल्लक सापडलेली आहे, म्हणून ही शंका काल्पनिक म्हणता येत नाही. पण त्स्वाइंगचा खडक ग्रॅनाइट. त्याचा रस दाट, वायू त्यात अडकून राहतो. बेसाल्टाचा रस पातळ, त्यातून वायू सहज सुटतो. शिवाय समस्थानिकांच्या प्रमाणांची आलेखावर मांडणी केली की आत अडकलेला अर्गॉन आघातानंतर तयार झालेल्या अर्गॉनपासून वेगळा काढता येतो. ५ लाख ७० हजार हे वय अशा विश्लेषणावर उभे आहे. माझा कौल मुख्यतः यावर ठरतो.

दुसरा आक्षेप डोळ्यांना दिसणारा आहे: काठ उभा, उडालेला मलबा अजून भोवती पसरलेला, मग विवर एवढे जुने कसे? सु. ५० हजार वर्षांच्या ॲरिझोनातील विवराशी तुलना केली की हा आक्षेप बळावतो. पण त्स्वाइंग सु. २ लाख २० हजार वर्षांचे मानले जाते आणि त्याचाही काठ अजून उभा आहे. नुसत्या ताजेपणावरून वय सांगणे धोक्याचे, विशेषतः जेथे खडक कठीण आहे. तरी बाहेरच्या मलब्याची इतक्या दीर्घ काळात झालेली झीज अजून नीट हिशेबात बसवावी लागेल. हा आक्षेप मी निकालात काढत नाही.

या आकड्यांवर एक लोकप्रिय समजूतही तपासता येते. विष्णूने लवणासुराला मारले त्या जागी हे तळे झाले अशी कथा गावात आहे आणि दैत्यसूदनाचे मंदिर तिच्याशी जोडलेले आहे. तिच्यात अशनिपाताची प्रत्यक्ष आठवण उरली असल्याचे कधी सुचवले जाते. ५२ हजार वर्षे धरली तरी एखादी कथा इतका काळ तोंडोतोंडी टिकल्याचा पुरावा नाही, आणि पाच लाख धरली तर त्या वेळी आपली मानवजातीच नव्हती. कथेचे मोल त्यामुळे कमी होत नाही. तिच्यातले लवण, म्हणजे मीठ, आजही तळ्यात आहे आणि लोकांनी ते नीट पाहिले होते.

वयाचा निर्णय पुढे नेणारा पुरावा सरोवराच्या गाळात मिळू शकतो. १९७३ च्या अभ्यासातील छिद्रांना आघाताचा चुरा लागण्याआधी सु. १०० मी. गाळ लागला. हा गाळ आघातानंतरच साठला असल्याने त्याच्या अगदी खालच्या थराचे वय विवराच्या वयाची किमान मर्यादा ठरेल. तो थर एक लाख वर्षांहून जुना निघाला तर ५२ हजारांचा आकडा आपोआप बाद होईल. तो तरुण निघाला, तर मात्र अर्गॉनच्या बाजूने दिलेला वरचा कौल पुन्हा तपासावा लागेल.